४४३ नाबाद, आणि आबांच्या वहीतील एक ओळ

या धाग्यांतून आपण आजवर सनदा, शिलालेख आणि महसुली दप्तरे वाचत आलो. आज धावफलक वाचायचा आहे. तोही ऐतिहासिक कागदच आहे, आणि तो लिहिणाऱ्यालाही डुलकी लागते, घाई असते, कधी भीड असते. विषय आहे भाऊसाहेब निंबाळकर यांच्या कारकिर्दीतील धावांचा. मात्र हा विषय मी का निवडला, हे सांगायचे तर आमच्या घरातील एक प्रसंगही सांगावा लागेल. तो माझ्या फारसा अभिमानाचा नाही.

आधी भाऊसाहेब. भाऊसाहेब बाबासाहेब निंबाळकर यांचा जन्म १२ डिसेंबर १९१९ रोजी कोल्हापुरात झाला. प्रथम श्रेणीच्या क्रिकेटमध्ये त्यांचे सामने ८०, धावा ४,८४१, सरासरी ४७.९३, शतके १२. मध्यमगती गोलंदाजी करून त्यांनी ५८ बळीही घेतले आणि प्रसंगी यष्टिरक्षणही केले. रणजी करंडकापुरती त्यांची सरासरी छप्पन्नच्या वर जाते. कसोटी सामने शून्य.

या आकड्यांच्या रांगेत एक आकडा असा आहे की तो बाकीच्यांना झाकून टाकतो. सर्वोच्च धावा : नाबाद ४४३. प्रथम श्रेणीच्या एका डावात याहून अधिक धावा आजवर एकाही भारतीयाने केलेल्या नाहीत. १९९१ मध्ये संजय मांजरेकर ३७७ पर्यंत पोहोचले, २०२३ मध्ये पृथ्वी शॉ ३७९ पर्यंत. पंच्याहत्तर वर्षे उलटून गेली, तरी मधले अंतर साठ धावांहून अधिकच राहिले आहे.

सरासरीचे गणित जरा उलगडून पाहू, कारण धाग्याच्या वाचकांपैकी अनेकांना ते ठाऊक असेल, पण सर्वांना असेलच असे नाही. फलंदाजीची सरासरी काढताना एकूण धावांना डावांच्या संख्येने भागत नाहीत. फलंदाज जितक्या वेळा बाद झाला, त्या संख्येने भागतात. ४,८४१ ला ४७.९३ ने भागले की १०१ येतात. म्हणजे भाऊसाहेब कारकिर्दीत १०१ वेळा बाद झाले. नाबाद ४४३ चा डाव अंशात मिळवला जातो, छेदात त्याची नोंदच होत नाही. तो एक डाव काढून टाकला तर सरासरी साडेत्रेचाळीसपर्यंत उतरते. एका माणसाच्या पंचवीस वर्षांच्या धावांपैकी नऊ टक्क्यांहून अधिक धावा तीन दिवसांच्या एका सामन्यात झाल्या. अर्थात साडेत्रेचाळीस हीसुद्धा त्या काळात चांगलीच सरासरी होती. तेव्हा एका डावाचा राजा असे कुणी त्यांना म्हणू नये.

तो सामना १६ ते १८ डिसेंबर १९४८ या दिवसांत पुण्याच्या पूना क्लबच्या मैदानावर झाला. महाराष्ट्र विरुद्ध काठियावाड. भाऊसाहेबांनी चारच दिवसांपूर्वी एकोणतिसावे वर्ष पूर्ण केले होते. काठियावाडचा डाव २३८ धावांत आटोपला. महाराष्ट्राने उत्तरादाखल ४ बाद ८२६ धावा केल्या. त्यात भाऊसाहेबांच्या ४४३, म्हणजे निम्म्याहून जास्त. कमल भांडारकर यांच्या २०५. पुढे प्रशिक्षक म्हणून नाव मिळवलेले ते हेच भांडारकर. या दोघांनी दुसऱ्या गड्यासाठी ४५५ धावांची भागीदारी केली. दुसऱ्या गड्याचा तो जागतिक विक्रम होता, आणि तो १९७४ मध्ये इंग्लंडात जेम्सन आणि कन्हाय यांनी मोडेपर्यंत टिकला. भाऊसाहेबांच्या डावाची वेळ ४९४ मिनिटे. चौकार ४९, षटकार १. सीमापार गेलेल्या फटक्यांच्या धावा २०२ होतात. उरलेल्या २४१ पळून काढलेल्या आहेत. पुण्याच्या डिसेंबरातील उन्हात सव्वाआठ तास उभे राहून त्या काढल्या, हेही ध्यानात असू द्यावे.

त्या वेळचा जागतिक विक्रम डॉन ब्रॅडमन यांच्या नावावर होता : नाबाद ४५२, सिडनी, जानेवारी १९३०. बरोबरीसाठी नऊ धावा हव्या होत्या, ओलांडण्यासाठी दहा. तिसऱ्या दिवशी मध्यंतरासाठी खेळ थांबला आणि पुन्हा सुरू झालाच नाही. काठियावाडचे कर्णधार होते राजकोटचे ठाकोरसाहेब. धावफलकावरही त्यांचे नाव असेच पदवीने येते. आपल्या संघाविरुद्ध जागतिक विक्रम झाला अशी नोंद राहू नये म्हणून त्यांनी महाराष्ट्राने डाव घोषित करावा असा आग्रह धरला. तो मान्य होईना, तेव्हा त्यांनी सामना सोडून दिला आणि संघ माघारी निघाला. निकाल महाराष्ट्राच्या बाजूने नोंदवला गेला. फलंदाज पुढे नाबादच राहिला, कायमचा.

आमच्या पिढीला ही गोष्ट सहसा विनोद म्हणून कळते. हट्टी संस्थानिक आणि बिचारा फलंदाज. मीही ती बराच काळ तशीच सांगत असे. मात्र इतिहासाच्या विद्यार्थ्याने तारखेकडे पाहिल्याशिवाय हसू नये. डिसेंबर १९४८. त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत काठियावाडातील दोनशेहून अधिक लहानमोठी संस्थाने एकत्र करून संयुक्त राज्य स्थापन झाले होते. पुढे त्यालाच सौराष्ट्र म्हणू लागले. म्हणजे पुण्याच्या मैदानात उतरलेल्या ठाकोरसाहेबांची पदवी तेवढी शिल्लक होती, राज्य नव्हते. ज्याच्या हातून दहा महिन्यांपूर्वी राजकोट गेले, त्याच्या हाती त्या दुपारी काय उरले होते? अकरा खेळाडूंना तंबूत परत बोलावण्याचा अधिकार. तो त्याने वापरला. मी त्यांचे समर्थन करत नाही. दहा धावा द्यायला हव्या होत्या असेच माझे मत आहे. मात्र ही केवळ लहर होती असे म्हणून पुढे जाणे मला आता जमत नाही.

समोरच्या बाजूची स्थिती याहून फार निराळी नव्हती. भाऊसाहेबांचे जन्मगाव कोल्हापूर तेव्हा स्वतंत्र संस्थानच होते; ते १ मार्च १९४९ रोजी मुंबई प्रांतात विलीन झाले. त्यांच्या कारकिर्दीतील संघांची यादी वाचली तर भारताच्या नकाशाचे पुनर्लेखन डोळ्यांसमोर येते : बडोदा, महाराष्ट्र, होळकर, मध्य भारत, राजस्थान, रेल्वे. यांपैकी होळकर हा इंदूरच्या राजांचा संघ. तेथे ते कर्नल सी. के. नायडू यांच्या नेतृत्वाखाली खेळले. हा संघ आज नाही. मध्य भारत हे राज्यच १९५६ मध्ये मध्य प्रदेशात मिसळले. माणूस एकच आणि बॅट एकच, मात्र धावा अशा राज्यांच्या खात्यात जमा आहेत की त्यांतील काहींचा आता पत्तासुद्धा उरलेला नाही.

आणि आपले परभणी? पुण्याच्या त्या सामन्याच्या तीनच महिने आधी, १७ सप्टेंबर १९४८ रोजी, हैदराबाद संस्थान भारतात सामील झाले. त्याआधी परभणी हा निजामाच्या राज्यातील एक जिल्हा होता. महाराष्ट्र नावाचा क्रिकेट संघ ४४३ धावांचा डाव पाहत होता, तेव्हा परभणी त्या ‘महाराष्ट्रा’त नव्हते. खेळाच्या नकाशावर आपण हैदराबादकडे. मराठवाडा मुंबई राज्यात आला तो १ नोव्हेंबर १९५६ रोजी. आज परभणीतून एखादी मुलगी किंवा मुलगा वरच्या पातळीवर खेळायला निघाला, तर त्याची वाट पुण्याला जाते आणि ती आपल्याला फार जुनी, जणू नैसर्गिक वाटते. ती आबांच्या वयाहून लहान आहे.

आबा म्हणजे माझे आजोबा. आता घरच्या प्रसंगाकडे येते.

आबांचा जन्म १९४३ चा, सेलू तालुक्यातील एका खेड्यात. हायस्कूलसाठी ते परभणीला वसतिगृहात राहिले आणि पुढे प्राथमिक शिक्षक झाले. त्यांच्या आयुष्यात सांगण्यासारखी एकच मॅच होती. साल १९६१. शाळेचे मैदान, मॅटिंगही नसलेली काळ्या मातीची खेळपट्टी, शेजारच्या तालुक्यातून आलेला पाहुणा संघ. आबा सलामीला गेले आणि टिकले. शतक अगदी दारात आले असताना पाहुण्यांनी खेळ थांबवला. परळीकडे जाणारी सायंकाळची गाडी चुकेल, असे सांगून त्यांनी स्टंप तसेच सोडले आणि स्टेशनची वाट धरली. आबा नाबाद.

किती धावांवर? येथे घोटाळा होता. मी लहान असताना ते ८३ सांगत. माझ्या दहावीच्या सुमारास ९१ झाल्या होत्या. मी पदवीला गेले तेव्हा ९६ झाल्या होत्या. धाकटा भाऊ मला खुणावून म्हणे, ‘ताई, आबांची बॅट अजून चालूच आहे.’ आजी तर स्वयंपाकघरातून विचारायची, ‘आज किती झाल्या?’ आबांना याचा राग येत नसे. ते हसून पुढे सांगत.

एम. ए.च्या पहिल्या वर्षी आम्हाला मौखिक इतिहासाची पद्धत शिकवली गेली. माणूस आपल्या आठवणीत दुसऱ्याची गोष्ट नकळत कशी मिसळतो, वाचलेले आणि जगलेले यांची सांधेजोड कशी दिसेनाशी होते, हे सगळे मी नव्या विद्यार्थ्याच्या उत्साहाने टिपून घेतले होते. त्याच सुमारास मी भाऊसाहेबांच्या डावाविषयी सविस्तर वाचले. विक्रमाच्या उंबरठ्यावरचा फलंदाज, खेळ सोडून निघून जाणारा पाहुणा संघ, नाबाद. मला वाटले, सापडले! ही तर आबांचीच गोष्ट; किंबहुना आबांची गोष्ट ही भाऊसाहेबांची. तरुणपणी वर्तमानपत्रात किंवा शाळेच्या वाचनालयात त्यांनी ती वाचली असणार आणि वर्षानुवर्षे सांगता सांगता तिला परभणीचे मैदान आणि परळीची गाडी जोडली असणार.

त्या दिवाळीत घर पाहुण्यांनी भरले होते. आत्याच्या नातवाला आबा ती मॅच सांगत होते. गाडीचा प्रसंग आला आणि मी मध्येच बोलले. ‘आबा, ही तुमची गोष्ट नाही. ही भाऊसाहेब निंबाळकरांची आहे, १९४८ ची.’ आणि मग मी सगळ्यांना पूना क्लब, ठाकोरसाहेब, ४४३, ४५२ असे सगळे नीट समजावून सांगितले. तारखांसहित. मला ते सांगताना फार बरे वाटत होते.

आबांनी पूर्ण ऐकून घेतले. ‘अस्सं का,’ एवढेच म्हणाले. त्यानंतर ती मॅच त्यांनी कधी सांगितली नाही. मी एकदा मुद्दाम विषय काढला, तेव्हा म्हणाले, ‘तू वाचलंयस बाई, तुला जास्त ठाऊक.’ आवाजात टोमणा नव्हता. असता तर बरे झाले असते.

येथे थोडे थांबून खेळांच्या आकडेवारीविषयी एक गोष्ट सांगते, कारण ती मला त्या दिवाळीत सांगता आली नव्हती. कारकिर्दीची आकडेवारी ही दगडावरची रेघ आहे असे आपण समजतो. प्रत्यक्षात कोणता सामना मोजायचा हे कुणीतरी बसून ठरवलेले असते. ‘प्रथम श्रेणी’ या शब्दाची आंतरराष्ट्रीय व्याख्या १९४७ च्या मे महिन्यात झाली. त्याआधीचे सामने मागाहून, अभ्यासकांच्या मतानुसार, आत किंवा बाहेर ठेवले गेले. इंग्लंडचे जॅक हॉब्ज यांची प्रथम श्रेणीतील शतके किती? विस्डेन या प्रसिद्ध वार्षिकात १९७. सांख्यिकी अभ्यासकांच्या संघटनेच्या हिशेबाने १९९. फरक दोन शतकांचा आहे, आणि त्याचे मूळ आपल्याकडेच आहे. १९३०-३१ च्या हंगामात विजयनगरमच्या महाराजकुमारांनी, म्हणजे ‘विझ्झी’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या संस्थानिकांनी, हॉब्ज यांना पाहुणे म्हणून आणून भारत आणि सिलोनमध्ये सामने खेळवले. ते सामने प्रथम श्रेणीचे मानायचे की हौसेचे, या प्रश्नावर हॉब्ज यांचा आकडा लोंबकळत राहिला आहे. डबल्यू. जी. ग्रेस यांची शतकेही अशीच कुठे १२६, कुठे १२४.

क्रिकेटबाहेरही हेच. अमेरिकेतील बास्केटबॉलपटू विल्ट चेंबरलेन यांनी २ मार्च १९६२ रोजी हर्शी या लहानशा गावी एका सामन्यात १०० गुण केले. त्या व्यावसायिक साखळीत एका सामन्यात इतके गुण दुसऱ्या कुणाला करता आलेले नाहीत. या सामन्याचे चलचित्रण मात्र उपलब्ध नाही. आपण पाहतो ते एक छायाचित्र : खेळाडू बसला आहे आणि त्याच्या हातात एक कागद, त्यावर हाताने लिहिलेले १००. बास्केटबॉलमधील सर्वांत प्रसिद्ध आकड्याचा सर्वांत प्रसिद्ध पुरावा म्हणजे कागदाचा एक कपटा. ज्युलियस अर्व्हिंग यांची गोष्ट तर हॉब्ज यांच्यासारखीच. ते आधी एका प्रतिस्पर्धी साखळीत खेळले, ती साखळी १९७६ मध्ये बंद पडली. दोन्हीकडचे गुण मिळवले तर ते तीस हजारांच्या पुढे जातात. केवळ आजच्या साखळीतले मोजले तर १८,३६४. मैदानात टाकलेला चेंडू तोच, कडीतून गेला तोही तसाच, पण हिशेबाची वही दुसऱ्याची होती.

आपल्या शेजारच्या जालन्याचा विजय झोल आठवा. २०११-१२ च्या हंगामात १९ वर्षांखालील कूचबिहार करंडकात महाराष्ट्राकडून आसामविरुद्ध त्याने नाबाद ४५१ धावा केल्या. भाऊसाहेबांपेक्षा आठ अधिक, ब्रॅडमनपेक्षा एक कमी. मात्र कुमार गटाचे सामने प्रथम श्रेणीत बसत नाहीत, म्हणून तो आकडा निराळ्या यादीत राहतो. (जालना जिल्हा १९८१ मध्ये झाला तेव्हा परभणीचा परतूर तालुका त्यात गेला, तेव्हा थोडासा हक्क आम्हीही सांगू शकतो. हे आपले उगीच.)

पुन्हा भाऊसाहेबांकडे. त्यांच्या नावापुढचे कसोटीतील शून्य अनेकांना ४४३ पेक्षा अधिक बोलके वाटते, आणि मीही त्यांतलीच. त्या हंगामाच्या तारखा शेजारी शेजारी ठेवून पाहा. वेस्ट इंडीजचा संघ तेव्हा भारताच्या दौऱ्यावर होता. मुंबईची दुसरी कसोटी १३ डिसेंबरला संपली. १८ डिसेंबरला भाऊसाहेब नाबाद ४४३. कलकत्त्याची तिसरी कसोटी ३१ डिसेंबरला सुरू झाली. मधल्या तेरा दिवसांत निवड समितीला काही सुचले नाही. त्या कलकत्त्याच्या कसोटीत एव्हर्टन वीक्स यांनी दोन्ही डावांत शतके करून लागोपाठ पाच कसोटी शतकांचा विक्रम पूर्ण केला, तेव्हा त्या मालिकेची आठवण त्यांच्याच नावाने राहिली. भाऊसाहेबांना पुढे राष्ट्रकुल संघाविरुद्ध एक अनधिकृत कसोटी मिळाली. अनधिकृत, म्हणजे पुन्हा निराळी वही.

भारताची फळी तेव्हा भक्कम होती, हेही खरे आहे. विजय हजारे, लाला अमरनाथ, दत्तू फडकर यांच्यासारख्यांना बाजूला सारून जागा करणे सोपे नव्हते. शिवाय त्या काळी घरच्या खेळपट्ट्यांवर धावांचे ढीग पडत. त्याच हंगामात पुण्यातच मुंबई आणि महाराष्ट्र यांच्या रणजी सामन्यात दोन्ही संघांच्या मिळून २,३७६ धावा झाल्या. प्रथम श्रेणीच्या एका सामन्यातील तो आजही विक्रम आहे. म्हणजे निवड समितीने ४४३ कडे पाहून ‘पुण्याची खेळपट्टी’ असे म्हणून मान हलवली असेल, तर त्यांचे अगदीच चुकले असे म्हणता येणार नाही. पण एक संधी? ऐंशी सामने, बारा शतके आणि पंचवीस वर्षांत एकही नाही?

ब्रॅडमन यांनी आपल्याला पत्र पाठवून त्या डावाचे कौतुक केले, असे भाऊसाहेब उतारवयात सांगत असत. १९४८ हे ब्रॅडमन यांच्याही आयुष्यात अपुऱ्या आकड्याचे वर्ष. ऑगस्टमध्ये ओव्हलवरच्या अखेरच्या कसोटी डावात ते शून्यावर त्रिफळाचीत झाले आणि सरासरी ९९.९४ वर थांबली. शंभरासाठी चार धावा हव्या होत्या. चार महिन्यांनी पुण्यात कुणी दुसरा नऊ धावांनी थांबला. भाऊसाहेबांना पुढे क्रिकेट मंडळाचा कर्नल सी. के. नायडू जीवनगौरव पुरस्कार मिळाला. ११ डिसेंबर २०१२ रोजी, त्र्याण्णव पूर्ण व्हायला एक दिवस असताना, ते कोल्हापुरात वारले.

आबा दोन वर्षांपूर्वी गेले. दिवस झाल्यावर त्यांची लोखंडी पेटी उघडली, तेव्हा त्यात नेमणुकीचा आदेश, निवृत्तीवेतनाचे कागद, एक तुटकी चष्म्याची काडी आणि अगदी तळाशी चौकटीच्या कागदाची एक पातळ वही निघाली. वडिलांनी ती उघडली आणि म्हणाले, ‘हिशेब दिसतो, पण उर्दूत आहे.’ आमच्या घरात उर्दू कुणालाच येत नाही. आबांनाही येत नव्हते. ते शाळेत गेले तोवर संस्थान संपून शिक्षण मराठीत आले होते. मला मात्र अंक येतात. माझा प्रबंध निजामकालीन परभणीच्या जमीन-महसुलाच्या नोंदींवर आहे, आणि त्यासाठी मी वर्षभर ते अंक गिरवले आहेत. सात म्हणजे तोंड वर उघडलेला कोन, आठ म्हणजे तोच कोन पालथा, पाच म्हणजे बदामासारखा.

तो हिशेब नव्हता. धावफलक होता. खेळाडूंची नावे वेड्यावाकड्या मराठीत, आकडे उर्दू. शाळेत तेव्हा जे क्रीडाशिक्षक होते, त्यांचे स्वतःचे शिक्षण निजामाच्या काळात उर्दू माध्यमात झाले होते, हे मला आबांच्या एका वर्गमित्राकडून नंतर कळले. मराठी ते लिहीत, आकडेमोड मात्र ज्या भाषेत शिकले तीतच करत. वरती तारीख होती, साल १९६१. पहिल्या ओळीत आबांचे नाव आणि त्यापुढे एकेक फटक्याची नोंद. पानाच्या तळाशी त्याच अक्षरात मराठीतून लिहिले होते : पाहुणे गाडीसाठी गेले. सामना अपुरा.

तर गाडी खरी होती. पाहुणे खरोखरच गेले होते. जो भाग उसना आहे असे मी भर दिवाळीत तारखांसह सिद्ध केले, तोच कागदावर निघाला. आणि ज्या ८३, ९१, ९६ वर आम्ही हसत होतो, त्या मात्र कुठेच नव्हत्या. शतक दारात वगैरे काही आलेले नव्हते. आबांना वही वाचता येत नव्हती, तरी ती त्यांनी साठ वर्षे जपली होती. मास्तरांना ते एकदा आकडा विचारू शकले असते. विचारला असेल आणि विसरले असतील, किंवा आवडला नसेल.

वर्गमित्र आजोबांना मी फोनवर विचारले, आबांच्या किती झाल्या होत्या? ते म्हणाले, ‘पन्नास तर नक्कीच झाल्या. पण बाळ, त्या पोरांची गाडी सहाची होती आणि ती साडेचारालाच निघाली. तुझ्या आबानं त्यांचे चेंडू काट्यात घालवले होते.’ ही साक्ष आहे, पुरावा नव्हे, हे मला शिकवले गेले आहे. तरी मी ती वहीच्या शेवटच्या कोऱ्या पानावर पेन्सिलीने लिहून ठेवली, तारीख घालून.

आता आकड्याचे. आबांच्या ओळीतील नोंदी मी लावल्या तशा क्रमाने देते : १, १, २, ४, १, ४, २, १, १, ४, ४, १, २, १, ४, १, २, ४, १, १, ४, २, १, ४, ४. बेरीज करून पाहा. मी तीन वेळा केली, तिन्ही वेळा ५७ आली. मास्तरांनी मात्र शेवटच्या रकान्यात ५९ लिहिले आहे आणि त्यापुढे ‘नाबाद’.

उर्दूत दोन आणि तीन यांच्यात एका दात्याचा फरक असतो. शाई साठ वर्षांची आहे आणि पाचपैकी दोन ‘दोन’ जिथे आहेत, तिथेच घडीची रेघ गेली आहे. ते तीन असतील तर बेरीज बरोबर ५९ होते. काळ्या मातीच्या मैदानावर तीन धावा पळणे अवघड नव्हते. सीमारेषेपलीकडे बाभळी होत्या, चेंडू शोधायला वेळ लागे. मी भिंगाने पाहिले, फोनच्या प्रकाशात पाहिले, कागद उन्हाकडे धरून पाहिला.

भाऊ विचारतो, ‘ताई, शेवटी किती धरायच्या?’ घरातल्या मुलांना तो सध्या ५९ सांगतो. मी माझ्या टिपणवहीत ५७ लिहिले आहे आणि शेजारी कंसात प्रश्नचिन्ह. ज्यांना जुने उर्दू अंक माझ्याहून चांगले वाचता येतात, त्यांनी कृपया कळवावे. त्या ओळीचे मोठे छायाचित्र मी पाठवीन.